आधी अंदाज, मग बेरीज : मुलांना राउंड फिगर शिकवताना

माझ्याकडे परळला शिकवणीला तिसरी ते पाचवीची मुलं येतात. ‘बेरजेचा अंदाज सांगा : ३८७ + २४६’ असा प्रश्न आला की त्यातली निम्मी मुलं वही उलटी करतात, मागच्या पानावर बारीक अक्षरांत मांडणी करतात, हातचे घेऊन ६३३ आणतात, मग त्याचे ६०० करतात आणि पुढच्या पानावर ऐटीत ‘सुमारे ६००’ लिहून वही माझ्यापुढे सरकवतात. उत्तर पुस्तकाशी जुळतं. बरोबरची खूणही मिळते. अंदाज मात्र कोणीच केलेला नसतो.

म्हणून मी लगेच दुसरं गणित देते : ३४७ + २४७, शंभरच्या पटीत, म्हणजे आधी प्रत्येक आकडा जवळच्या शंभरावर न्यायचा आणि मग बेरीज. मागच्या पानावाले ५९४ काढून ‘सुमारे ६००’ म्हणतात. ज्यांनी खरोखर आधी आकडे शंभरच्या पटीत आणले, त्यांचं होतं ३०० + २०० = ५००. चोर सापडतो. पण तोच चोर मान वर करून विचारतो, “बाई, खरं उत्तर तर ५९४. मग माझंच जास्त बरोबर ना?”

त्याचं म्हणणं खोटं नाही, आणि ते उडवून लावू नका. या मुलांना आपण तीन वर्षं बजावलेलं असतं की गणिताला एकच उत्तर असतं, एक इकडे नाही की एक तिकडे नाही. आता अचानक आपणच म्हणतो, जरा चुकीचं उत्तर सांग. त्यांचा विश्वास बसत नाही. आईवडिलांचाही बसत नाही. ‘नीट करून बघ, अंदाज कसला सांगतोस’ असं घरोघरी ऐकू येतं. मुलांना पहिल्यांदाच घेऊन बसणारे पालक किंवा नुकती शिकवणी सुरू केलेले कोणी हे वाचत असतील, तर एवढं धरून चला : अंदाज पेन्सिल उचलायच्या आधीचा असतो. बेरीज झाल्यावर केलेल्या अंदाजाला आमसुलाएवढीही किंमत नाही.

मराठीत हे आधीपासून आहे

शाळेत ‘राउंड ऑफ’ शिकवताना तो काहीतरी परका प्रकार असल्यासारखं शिकवतात. खरं तर आपली भाषाच जागोजागी राउंड फिगर करत असते. एकोणतीस म्हणजे काय? एक-ऊन-तीस, तीसला एक कमी. एकोणचाळीस, एकोणपन्नास, एकोणसाठ, थेट एकोणनव्वदपर्यंत हाच हिशेब. २९ हा आकडा वीसच्या घरात लिहिला जातो, पण मराठीत त्याचं नाव तीसच्या दारात उभं आहे. राउंड केल्यावर तो कुठे जाणार हे नावातच सांगितलंय. (नव्व्याण्णव तेवढा अपवाद. तो शंभराचं नाव घ्यायला तयार नाही.) २०१९ साली बालभारतीच्या दुसरीच्या पुस्तकात सत्तावीसऐवजी ‘वीस सात’ असं वाचायची पद्धत आली तेव्हा बराच गदारोळ झाला होता. मला दोन्ही बाजू पटतात. ‘वीस सात’ने लिहायला सोपं जातं, पण ‘वीस नऊ’ म्हणताना तीस जवळ आल्याची चाहूल लागत नाही.

पुढे बघा. ‘शंभरेक माणसं होती’, ‘पन्नासेक रुपये लागतील’ यातला तो शेवटचा ‘एक’ म्हणजे अंदाजच. ‘दहा-बारा’, ‘पंधरा-वीस’, ‘चार-पाचशे’ या जोड्या आकडा नेमका न सांगता त्याची हद्द सांगतात. आणि सव्वा, दीड, पावणेदोन, अडीच! भाजीवाली १७८ रुपयांना ‘पावणेदोनशे झाले’ म्हणते तेव्हा तिने पंचवीसच्या पटीत राउंड केलेलं असतं. शाळेचं पुस्तक दहा, शंभर, हजार यांच्यापलीकडे जात नाही. मंडईत मात्र पाव, अर्धा, पाऊण सगळं चालतं. एक इशारा : इंग्रजी माध्यमातल्या कित्येक मुलांना पावणेदोनशे म्हणजे किती हेच माहीत नसतं. तिथे सुरुवात १२५, १५०, १७५ एवढ्या तीन नावांपासून करा.

‘अंदाजपंचे दाहोदरसे’ ही मात्र वेगळी गोष्ट. दाहोदरसे म्हणजे एकशे दहा. जुन्या पाढ्यांतला शब्द. आकडा डोळ्यांपुढे नसताना ठोकून दिलेला तो अंदाजपंचे. आपण करणार आहोत त्याला नियम आहेत आणि किती चुकू शकतो याची हद्दही आहे.

अडकलेली लोकल

राउंड करणं म्हणजे काय ते फळ्यावर संख्यारेषा काढून सांगतात. मुंबईच्या मुलांसाठी ती रेषा आयती आहे. जुलैत रुळांवर पाणी आलं, लोकल दादर आणि माटुंग्याच्या मधेच थांबली, तास झाला तरी हलेना. शेवटी लोक उतरतात आणि चालू लागतात. कुठल्या दिशेला? जे स्टेशन जवळ त्या दिशेला. (एरवी रुळांवरून चालायचं नाही, हे मी प्रत्येक वेळी बजावते.)

आता स्टेशनांना आकडे द्या : ४०, ५०, ६०. गाडी ४७ वर थांबली. ५० तीन पावलांवर, ४० सात पावलांवर. म्हणून ४७ चे ५०. गाडी ४२ वर असेल तर मागे, ४० ला. दहाच्या पटीत आणणं म्हणजे एवढंच. शंभरच्या पटीत आणायचं असेल तर स्टेशनं लांब लांब : ३००, ४००, ५००. ही गाडी फास्ट, ती मधली स्टेशनं घेत नाही. ३६८ वर अडकलात तर ४०० जवळ.

आणि बरोबर मध्यावर, ४५ वर? दोन्ही स्टेशनं पाच-पाच पावलं. इथे ठरवून घेतलेला नियम आहे : पुढे जायचं. मुलं ‘का?’ विचारतात आणि विचारायलाच हवं. मी दोन कारणं सांगते. शेवटचा अंक ०, १, २, ३, ४ असेल तर मागे आणि ५, ६, ७, ८, ९ असेल तर पुढे, अशी पाच-पाचची सरळ वाटणी होते. दुसरं कारण जास्त कामाचं : शंभरच्या पटीत नेताना दशकाच्या घरात ५ दिसला की एककाच्या घराकडे बघावंच लागत नाही, २५० असो की २५९, जायचं पुढेच. हा नियम शाळेपुरता नाही. १९६१ च्या आयकर कायद्याच्या कलम २८८अ मध्ये एकूण उत्पन्न दहाच्या पटीत आणताना शेवटचा अंक पाच किंवा त्याहून मोठा असेल तर वरच्या दहात न्या, असंच लिहिलं होतं (तो कायदा मार्च २०२६ पर्यंत लागू होता). एका मुलाच्या वडिलांना हे सांगितल्यावर त्यांचा या धड्याबद्दलचा आदर एकदम वाढला.

पायऱ्या

पहिली पायरी : कुठल्या घरापर्यंत जायचं ते आधी ठरवा. दहा, शंभर की हजार? प्रश्नात दिलेलं असेल तर उत्तम. नसेल तर सगळ्या आकड्यांसाठी एकच घर धरा. एक आकडा दहाच्या पटीत आणि दुसरा शंभरच्या, अशी खिचडी सुरुवातीला नको.

दुसरी : त्या घरातल्या अंकाखाली रेघ मारायला सांगा. १६८ दहाच्या पटीत न्यायचा तर रेघ ६ खाली.

तिसरी : रेघेच्या लगेच उजवीकडचा अंक बघा. फक्त तोच. त्याच्यापुढे कितीही अंक असोत, त्यांच्याकडे ढुंकूनही बघायचं नाही.

चौथी : तो ५ किंवा जास्त असेल तर रेघेवरचा अंक एकाने वाढवा, ४ किंवा कमी असेल तर तसाच ठेवा. मग रेघेच्या उजवीकडचं सगळं शून्य. १६८ मध्ये उजवीकडे ८ आहे, म्हणून ६ चा ७ आणि पुढे शून्य : १७०.

पाचवी : आता बेरीज, तीही तोंडी. १७० + ३५० करताना शून्यं बाजूला ठेवून १७ आणि ३५ एवढंच. इथे जर मूल कागद मागायला लागलं तर समजा की घर बारीक धरलं गेलंय. दहाऐवजी शंभर घ्या.

यादी घेऊन करून बघू

वाण्याकडची यादी : तूरडाळ १६८, तांदूळ ३४५, तेल १५२, साखर ४४, चहा पावडर १३७.

दहाच्या पटीत : १७०, ३५०, १५०, ४०, १४०. मनातल्या मनात जोडत जा : १७० आणि ३५० झाले ५२०, त्यात १५० म्हणजे ६७०, ४० म्हणजे ७१०, १४० म्हणजे ८५०. खरी बेरीज ८४६. चार रुपयांचा फरक, तोही पेन्सिल न लावता.

शंभरच्या पटीत : २००, ३००, २००, ०, १००. एकूण ८००. साखर फुकट झाली! मुलांना हे फार आवडतं आणि त्याच वेळी खटकतंही. ४४ ला जवळचं शंभरचं स्टेशन शून्य आहे, त्याला इलाज नाही.

आणि भाजीवालीच्या पद्धतीने : पावणेदोनशे, साडेतीनशे, दीडशे, पन्नास, सव्वाशे. पावणेदोनशे आणि सव्वाशे मिळून तीनशे, साडेतीनशे आणि दीडशे मिळून पाचशे, वर पन्नास. साडेआठशे! पुस्तकात ही पद्धत नसते म्हणून परीक्षेत लिहू नये, पण दुकानात हिच्याइतकी जलद दुसरी नाही. कारण पाव आणि पाऊण एकमेकांना पूर्ण करतात.

अशीच यादी घेऊन मी एकदा आमच्या भागातल्या एका दुकानात उभी होते. दुकानदाराने कॅल्क्युलेटर बडवला आणि म्हणाला, “बावीसशे चौदा.” मी डोक्यात साडेआठशे धरून उभी. म्हटलं, दादा, पुन्हा बघा. तेलाच्या १५२ पुढे एक शून्य जास्त पडलं होतं, १५२०. त्याने बिचाऱ्याने लगेच सुधारलं, पण माझ्यामागे रांगेत उभ्या असलेल्या काकूंनी जो प्रश्न विचारला तो मी विसरलेले नाही : “तुम्हाला न मोजता कसं कळलं?” मोजलं होतं की, फक्त आधी मोजलं होतं.

अंदाज किती चुकू शकतो

हे शाळेत सहसा सांगत नाहीत, आणि मला तर धड्याचा सगळ्यात रसाळ भाग हाच वाटतो. दहाच्या पटीत नेताना एक आकडा जास्तीत जास्त पाचने हलतो. शंभरच्या पटीत नेताना जास्तीत जास्त पन्नासने. मग पाच आकड्यांची बेरीज दहाच्या पटीत केली तर अंदाज फार तर ५ × ५ = २५ ने चुकेल, त्यापेक्षा जास्त नाहीच. वरच्या यादीचा अंदाज ८५०, म्हणजे खरी बेरीज ८२५ ते ८७५ च्या मधेच असायला हवी. बाहेर गेली की कुठेतरी घोळ आहे हे नक्की.

मुलं सर्वांत जास्त कुठे घोळ घालतात? उभ्या मांडणीत. ४४ हा दोन अंकी आकडा ३४५ खाली लिहिताना डावीकडून सुरुवात करतात आणि तो ४४० असल्यासारखा बेरजेत जातो. उत्तर येतं १२४२. साडेआठशेच्या अंदाजापुढे ते लगेच उघडं पडतं.

पण सगळ्या चुका पकडल्या जातात असं मुलांना सांगू नका, तोंडघशी पडाल. मी पडलेय. याच यादीत एककाची बेरीज २६ येते, २ हातचे. ते विसरले तर उत्तर ८२६. हद्द ८२५ पासून सुरू होते, म्हणजे ८२६ आत बसतं. चूक शिताफीने निसटली! एका चौथीतल्या मुलीने हे मला दाखवून दिलं आणि वर विचारलं, “मग अंदाजाचा उपयोग काय?” उपयोग असा की तो मोठा घोळ पकडतो : जास्तीचं शून्य, सरकलेलं घर, सुटलेला अख्खा आकडा. बारीक चुकीसाठी बेरीज खालून वर पुन्हा करावी लागते, त्याला दुसरा मार्ग नाही.

घर किती मोठं धरायचं : सात तलाव

पावसाळ्यात पेपरात मुंबईच्या तलावांच्या साठ्याचा तक्ता येतो. तो कापून ठेवा, यापेक्षा चांगलं गणित मिळणार नाही. सातही तलाव काठोकाठ भरले की त्यांत किती पाणी मावतं, ते दशलक्ष लिटरमध्ये असं :

अप्पर वैतरणा २,२७,०४७
मोडकसागर १,२८,९२५
तानसा १,४५,०८०
मध्य वैतरणा १,९३,५३०
भातसा ७,१७,०३७
विहार २७,६९८
तुळशी ८,०४६

आकडे पाहून पाचवीतलं मूलही आधी घाबरतं. मग आपण लाखाच्या पटीत जाऊ : २, १, १, २, ७, ०, ०. एकूण १३ लाख. दोन सेकंदांचं काम. पण विहार आणि तुळशी पार कोरडे झाले! या सातांपैकी मुंबईच्या हद्दीतले हे दोनच तलाव, विहार १८६० सालचा, तुळशी १८७९ चा, आणि आपण त्यांना एका फटक्यात पुसलं. खरी बेरीज १४,४७,३६३ आहे. अंदाज जवळजवळ दीड लाखाने कमी आला.

एक घर खाली उतरू, दहा हजारांच्या पटीत : २३, १३, १५, १९, ७२, ३, १. ही बेरीज १४६, म्हणजे १४ लाख ६० हजार. फरक साडेबारा हजारांच्या आसपास. आता तुळशीलाही एक मिळाला, किंबहुना जरा जास्तच मिळाला. आठ हजारांचे दहा झाले.

अजून एक घर खाली, हजारांच्या पटीत गेलात तर १४,४८,००० येतील, फरक फक्त ६३७ चा. पण तोंडी करता करता दमछाक होते, मग ती सरळ बेरीजच केलेली बरी.

इथे मुलांना ठरवू द्या की कुठलं घर योग्य. नियम सांगून टाकू नका. माझ्याकडच्या मुलांचं दरवर्षी साधारण एकाच गोष्टीवर येऊन थांबतं : ज्या घरात सगळ्यात छोटा आकडा शून्य होत नाही ते घर बरं. हा नियम कुठल्या पुस्तकात नाही आणि नेहमी लागूही पडत नाही. भातसा आणि तुळशी एवढी तफावत असेल तर तुळशी सोडून दिली तरी चालतं का, हे कशासाठी मोजतोय त्यावर ठरतं. शहराला पाणी पुरेल का हे विचारायचं असेल तर चालतं. तुळशीच्या पाण्यावर ज्यांचे नळ चालतात त्यांना विचारलं तर नाही.

अंदाजाची एक वेगळीच कमाई या तक्त्यात होते. ७२ आणि १४६ शेजारी शेजारी लिहिले की कोणीतरी ओरडतंच, “अर्धं पाणी एकट्या भातसाचं!” सहा अंकी आकड्यांकडे बघून हे कोणाच्या लक्षात येत नाही.

सचिनचं गणित

तलावात ज्यांना रस नाही त्यांच्यासाठी शिवाजी पार्क आहेच. सचिन तेंडुलकरच्या कसोटीत १५,९२१ धावा, एकदिवसीय सामन्यांत १८,४२६. हजाराच्या पटीत १६,००० आणि १८,०००, एकूण ३४,०००. खरी बेरीज ३४,३४७. इथे दाखवण्यासारखं हे की पहिला आकडा ७९ ने वाढवला आणि दुसरा ४२६ ने कमी केला. एक वर, एक खाली, त्यामुळे चूक थोडी आपसांत कापली गेली. दोन्ही खाली गेले असते तर तूट जास्त वाढली असती. ३४७ + २४७ ला नेमकं तेच झालं होतं, ४७ आणि ४७ दोन्ही पाडले. सगळे आकडे एकाच दिशेला जाताना दिसले की अंदाज त्याच दिशेला झुकलाय हे मुलांना ओळखू द्या : सगळे खाली गेले तर खरं उत्तर अंदाजापेक्षा जास्त.

सचिनची आंतरराष्ट्रीय ट्वेंटी-२० मधली एकच खेळी आहे, १० धावांची. हजाराच्या पटीत तिचं शून्य होतं. एका मुलाला हे अजिबात मान्य झालं नाही, तो अजूनही ‘३४ हजार आणि १०’ असंच लिहितो.

खिशात पाचशेच असतील तर

जवळच्या दहात नेणं हा शाळेचा नियम. खिशाचा नियम वेगळा. पाचशेची नोट घेऊन मूल दुकानात गेलंय : वह्या १४४, कंपासपेटी ९४, डबा १२३, पाण्याची बाटली १४२. शाळेच्या नियमाने १४० + ९० + १२० + १४० = ४९०. बसलं! प्रत्यक्षात बिल ५०३. तीन रुपयांसाठी काउंटरवर मान खाली.

पैसे मर्यादित असतात तेव्हा प्रत्येक आकडा वरच न्यायचा, अंक कुठलाही असो : १५० + १०० + १३० + १५० = ५३०. पाचशेच्या वर गेलं, म्हणजे एक वस्तू जरा थांबवून नीट मोजा. चाळीतल्या गणेशोत्सव मंडळाचा मुरलेला खजिनदार नेमकं हेच करतो, वर्गणीचे आकडे खाली आणि मांडवाचा, डेकोरेशनचा खर्च वर. ज्या वर्षी उलट होतं त्या वर्षी विसर्जनानंतर मीटिंगमध्ये आवाज चढतात.

परीक्षेत मात्र ‘जवळच्या दहात’ लिहिलं असेल तर ४२ चे ४०च. दोन्ही नियम एकाच दिवशी शिकवू नका, मधे एखादा आठवडा जाऊ द्या.

ठरलेल्या चुका

४४७ शंभरच्या पटीत न्यायचा असतो. मूल आधी ४५० करतं, मग ५०० करतं. पायरीपायरीने चढल्यामुळे त्याला आपण फार शहाणपणा केला असं वाटतं. पण ४४७ पासून ४०० फक्त ४७ लांब आणि ५०० आहे ५३ लांब. एकदाच उडी मारायची, मधे थांबायचं नाही. फास्ट लोकलची आठवण करून दिली की हे पटकन कळतं.

९९७ दहाच्या पटीत. रेघ मधल्या ९ खाली, उजवीकडे ७, म्हणून ९ चा १० करायचा आणि इथे मुलं ‘९१००’ असलं काहीतरी भयंकर लिहितात. त्यांना अंक विसरून स्टेशनं आठवायला सांगा : ९९० नंतरचं स्टेशन कोणतं? १०००.

३६७ शंभरच्या पटीत ‘४६७’ लिहिणारी मुलं अंक वाढवतात, पण उजवीकडचं पुसत नाहीत. काही जण उलट नुसतं ‘४’ लिहितात. दोघांनाही एकच प्रश्न विचारायचा : ही गाडी ३६७ वर होती, तू तिला कुठे नेऊन सोडलंस?

आणि सगळं राउंड करत सुटायची हौस. अंदाज आवडायला लागला की मूल तीन-चार आठवडे सगळंच राउंड करतं, वयसुद्धा. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला. शंभरच्या पटीत ९००. मग मी विचारते, जे ४४ आपण सोडून दिले तेवढा पाऊस एरवी एका दिवसात पडला तर काय म्हणाल? “चांगला पाऊस पडला म्हणू.” झालं, एवढं पुरतं. उत्तर नेमकं हवं असेल तिथे अंदाज फक्त पहारेकरी, मालक नव्हे.

सराव

वहीतले पन्नास गणितांचे रतीब मी घालत नाही. बसच्या खिडकीत बसलं की पुढच्या दोन गाड्यांचे नंबर घ्यायचे : ४७३८ आणि २१६५. हजारात ५ आणि २, सात हजार. सिग्नल सुटायच्या आत उत्तर हवं. (खरं ६९०३, ते घरी जाऊन ताडा.) रोज येणाऱ्या दुधाचे पैसे ५८, ६१, ६२, ५९, ६० असे असतील तर एकेक राउंड करत बसू नका, सगळे साठाभोवती घुटमळतायत, पाच साठे तीनशे. स्कॉलरशिपची तयारी चालू असेल तर पर्यायांचे प्रश्न घ्या आणि बेरीज न करता दोन पर्याय तरी खोडून दाखवायला सांगा. चारपैकी दोन बहुतेक वेळा अंदाजानेच उडतात.

थोडं मोठं गणित हवं असेल तर २०११ च्या जनगणनेतलं घ्या. मुंबई शहर जिल्हा ३०,८५,४११ आणि मुंबई उपनगर जिल्हा ९३,५६,९६२. लाखात ३१ आणि ९४, म्हणजे सव्वा कोट. खरी बेरीज १,२४,४२,३७३. दोन्ही आकडे वर गेले म्हणून अंदाज जरा जास्त आला, हे मुलाने आपणहून सांगेपर्यंत थांबा. आणि सव्वा कोट हा शब्द त्याच्या तोंडून येईपर्यंत पेन्सिल तुमच्याच हातात असू द्या.